फुलराणीचा आवाज

सांगलीत जन्मलेल्या एका मुलीनं मराठी रंगभूमीला पोट धरून हसवलं, आणि हसता हसता विचारही करायला लावलं. तिचं नाव भक्ती बर्वे.

बालदोस्तांनो, शाळेचं स्नेहसंमेलन आठवा बरं! मागे कापडी पडदा, समोर सतरंजीवर दाटीवाटीनं बसलेली पोरं, खुर्च्यांवर पाहुणे आणि पालक. माईक मधूनच किंचाळतोय. एवढ्यात निवेदन होतं, "आता सादर होत आहे, एक नाट्यप्रवेश..." आणि विंगेतून एक मुलगी येते. नऊवारी लुगड्याचा खोचलेला पदर, हातात फुलांची टोपली, कमरेवर हात. ती भांडायला लागते. समोर कुणीही नाही, तरी ती एका न दिसणाऱ्या प्रोफेसरला असा काही दम भरते की पहिल्याच मिनिटाला हशा पिकतो.

साताऱ्यातली शाळा असो, सांगलीतली असो, नाहीतर एखाद्या आडगावातली. हा प्रवेश तुम्ही कधी ना कधी पाहिला असेल. कदाचित तुमच्यापैकी कुणी केलाही असेल. तो आहे पु. ल. देशपांडे यांच्या 'ती फुलराणी' या नाटकातला. फुलं विकणाऱ्या मंजुळा साळुंकेचा.

पण ही मंजुळा रंगमंचावर पहिल्यांदा बोलली ती कुणाच्या आवाजात, ठाऊक आहे? आई-बाबांना विचारा. आजीला विचारलंत तर ती लगेच सांगेल, "अगं, भक्ती बर्वेची फुलराणी! तिची सर कुणाला नाही."

आज त्या भक्ती बर्वेंचीच गोष्ट सांगायची आहे. ही गोष्ट कृष्णाकाठी सुरू होते आणि तिचा शेवटचा प्रवासही कृष्णाकाठावरूनच निघतो.

नाट्यपंढरीतला जन्म

भूगोलात तुम्ही कृष्णा नदी शिकलाच आहात. महाबळेश्वरला उगम, मग वाई, साताऱ्याजवळचं संगम माहुली, कऱ्हाडचा प्रीतिसंगम, आणि पुढे सांगली. या नदीनं उसाला पाणी दिलं, तसं मराठी नाटकालाही दिलं म्हणायला हरकत नाही!

५ नोव्हेंबर १८४३ या दिवशी सांगलीत विष्णुदास भावे यांनी 'सीता स्वयंवर' हा नाटकाचा खेळ केला. सांगलीचे राजे चिंतामणराव पटवर्धन यांचा त्यांना आश्रय होता. मराठी नाटकाची सुरुवात आपण त्या दिवसापासून मोजतो, म्हणून ५ नोव्हेंबर हा मराठी रंगभूमी दिन. सांगलीला 'नाट्यपंढरी' म्हणतात ते उगीच नव्हे. 'संशयकल्लोळ'सारखं हसवून हसवून बेजार करणारं नाटक लिहिणारे गोविंद बल्लाळ देवल सांगलीशेजारच्या हरिपूरचे, तर नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर खुद्द सांगलीचे.

आता एक गंमत. त्या पहिल्या नाटकात सीता होती, पण सीतेचं काम करणारी मुलगी मात्र नव्हती! स्त्रियांची कामं पुरुषच करायचे. बायकांनी रंगमंचावर उभं राहायचं म्हणजे लोकांना धक्काच. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात ज्योत्स्ना भोळे आणि पद्मा वर्तक यांनी स्त्रियांच्या भूमिका केल्या, तेव्हा ती केवढी तरी मोठी बातमी झाली होती. म्हणजे पहिल्या नाटकानंतर तब्बल ९० वर्षांनी!

त्याच सांगलीत १० सप्टेंबर १९४८ रोजी भक्तीचा जन्म झाला. ज्या गावानं मराठी नाटकाला जन्म दिला, त्याच गावानं मराठी नाटकाला ही नटीही दिली.

चेटकीण, परी आणि छोटी भक्ती

भक्ती पुढे मुंबईत आली. तिथे सुधा करमरकर नावाच्या बाईंनी १९५९ साली एक भन्नाट काम सुरू केलं होतं. त्यांनी अमेरिकेत जाऊन मुलांच्या नाटकांचा अभ्यास केला होता. परत आल्यावर त्यांनी 'लिटल थिएटर' म्हणजेच 'बालरंगभूमी' उभी केली.

त्याआधी मुलांची नाटकं नव्हती का? होती की! पण ती बहुतेक शाळेच्या संमेलनापुरती. सुधाताईंचं म्हणणं वेगळं होतं. मुलांचं नाटक हे मोठ्यांच्या नाटकाइतकंच झोकात व्हायला हवं. खरं नेपथ्य, खरी प्रकाशयोजना, खरं संगीत, खरी तालीम आणि चक्क तिकीट काढून आलेले प्रेक्षक! त्यांचं पहिलं नाटक होतं रत्नाकर मतकरींचं 'मधुमंजिरी'. त्यात सुधाताई स्वतः चेटकीण झाल्या होत्या.

या बालरंगभूमीवर छोटी भक्ती बाल कलाकार म्हणून उभी राहिली. मुलांच्या नाटकाचा प्रेक्षक कसा असतो, ते तुम्हाला सांगायला नकोच, कारण तो प्रेक्षक म्हणजे तुम्हीच! मोठी माणसं कंटाळली तर गुपचूप घड्याळ बघतात. मुलं कंटाळली की सरळ चुळबुळ करतात, शेजारच्याला चिमटा काढतात आणि मोठ्यांदा विचारतात, "आई, घरी कधी जायचं?" अशा प्रेक्षकाला दोन तास धरून ठेवायचं म्हणजे आवाज खणखणीत हवा, शब्द स्पष्ट हवा, आणि जे करतोय ते मनापासून हवं. खोटं काम मुलं लगेच ओळखतात. भक्ती बर्वेंची पहिली शाळा ही अशी होती.

दिसायचं नाही, फक्त ऐकू यायचं

मोठी झाल्यावर भक्ती बर्वेंनी आकाशवाणीवर निवेदिकेचं काम केलं. आता तुम्ही म्हणाल, रेडिओवर बोलण्यात काय मोठंसं? कागद समोर असतो, वाचायचं की झालं!

तसं नाही हं. रेडिओवर तुमचा चेहरा नसतो. हातवारे नसतात. डोळे मिचकावून उपयोग नाही, भुवया उंचावून उपयोग नाही. जे काही सांगायचं ते फक्त आवाजातून. ऐकणारी बाई एकीकडे भाकरी थापत असते, ऐकणारा माणूस सायकलचं पंक्चर काढत असतो. त्यांचे कान आपल्याकडे खेचून घ्यायचे, तेही आरडाओरडा न करता. हसरा चेहरा ठेवून बोललं तर ते हसू आवाजात उतरतं आणि कंटाळून बोललं तर तो कंटाळाही ऐकणाऱ्याला कळतो. खोटं वाटतं? रात्री दिवे घालवून भावाबहिणीबरोबर हा खेळ खेळून बघा.

मग २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झालं. पडदा कृष्णधवल, वाहिनी एकच, कार्यक्रम ठरावीक वेळेपुरते. ज्याच्या घरी टीव्ही, त्याच्या घरी सगळी चाळ! या टीव्हीवर भक्ती बर्वे मराठी बातम्या वाचायच्या. पुढे थोर अभिनेत्री झालेल्या स्मिता पाटीलही त्याच सुमाराला तिथे बातम्या वाचत.

बातम्या वाचणं म्हणजे उच्चारांची परीक्षा. आपल्या मराठीत एकच अक्षर दोन तऱ्हांनी उच्चारलं जातं, हे तुमच्या लक्षात आलंय का? 'चहा'मधला 'च' आणि 'चाक'मधला 'च' म्हणून बघा. 'जग'मधला 'ज' आणि 'जाळं'मधला 'ज' म्हणून बघा. लिहिताना सारखे, बोलताना वेगळे! बातमीदाराला हे सगळं सांभाळावं लागतं. वाक्य कुठे तोडायचं, श्वास कुठे घ्यायचा, आनंदाच्या बातमीनंतर दुःखाची बातमी आली तर आवाज कसा बदलायचा, हेही.

तर असा हा भक्ती बर्वेंचा आवाज महाराष्ट्राच्या ओळखीचा झाला. स्वच्छ, शांत, नीटनेटका. आणि मग एके दिवशी याच बाई डोक्याला फुलं माळून, कमरेवर हात ठेवून, फुटपाथवरच्या भाषेत कडाकडा भांडताना लोकांनी पाहिल्या!

एका पैजेची गोष्ट

आयर्लंडमध्ये जन्मलेले जॉर्ज बर्नार्ड शॉ हे फार मोठे नाटककार. त्यांनी १९१२ साली 'पिग्मॅलियन' नावाचं नाटक लिहिलं. गोष्ट अशी. लंडनमध्ये हिगिन्स नावाचा एक प्रोफेसर असतो. माणसाचं बोलणं ऐकून तो कुठल्या भागातला आहे हे बिनचूक सांगणारा. त्याला रस्त्यावर फुलं विकणारी एलायझा भेटते. तिचं बोलणं ऐकून तो नाक मुरडतो आणि पैज मारतो की, या मुलीला मी काही महिन्यांत असं बोलायला शिकवीन की मोठमोठ्या लोकांना ती राजघराण्यातली वाटेल!

या नाटकावरून इंग्रजीत 'माय फेअर लेडी' हे संगीतनाट्य १९५६ साली आणि त्याच नावाचा चित्रपट १९६४ साली आला. गुजराती रंगभूमीवर 'संतु रंगीली' आलं, त्यात सरिता जोशींनी धमाल उडवली. आणि १९७५ साली पु. ल. देशपांडे यांनी मराठीत आणलं 'ती फुलराणी'.

पुलंनी नुसतं भाषांतर केलं नाही. त्यांनी सगळी माणसं मुंबईत आणून वसवली. एलायझाची झाली मंजुळा साळुंके. हिगिन्सचे झाले प्रोफेसर अशोक जहागीरदार; हे काम सतीश दुभाषी करत. मंजुळेचा बाप दगडोबा झाले होते अरविंद देशपांडे. नाटक दिग्दर्शितही पुलंनीच केलं. आणि मंजुळा? भक्ती बर्वे!

विचार करा. आकाशवाणी-दूरदर्शनवर अगदी रेखीव मराठी बोलणारी बाई, आणि तिनं काम करायचं ते कुणाचं? जिच्या बोलण्याला सगळे नावं ठेवतात तिचं!

एका रात्रीत तीन बोली

या भूमिकेत खरी कसोटी कुठे आहे सांगू? मंजुळा सुरुवातीला एक बोली बोलते आणि शेवटी दुसरी. पण मधल्या वेळात काय? भाषा काही सदऱ्यासारखी झटकन बदलता येत नाही. ती हळूहळू बदलते. म्हणजे नटीला एकाच रात्रीत निदान तीन तऱ्हांनी बोलावं लागतं.

पहिली तऱ्हा रस्त्यावरची. मोकळी, जोरकस, झणझणीत.

तिसरी तऱ्हा शिकलेली. तोलून मापून, प्रत्येक अक्षर जागच्या जागी.

आणि सगळ्यात अवघड ती मधली. उच्चार नवे, पण मन जुनं! शॉच्या मूळ नाटकात एक प्रसंग आहे. एलायझाला पहिल्यांदाच चार प्रतिष्ठित माणसांत चहाला नेतात. ती हवापाण्याबद्दल अगदी छापील भाषेत बोलते. सगळे खूश. मग त्याच छापील भाषेत ती आपल्या मावशीच्या मरणाची कथा सुरू करते, आणि मावशी आजारानं मेली नाही, तिला कुणीतरी संपवलं असा आपला दाट संशय बोलून दाखवते! शब्द चोख, पण बातमी फुटपाथवरची. बसलेल्यांची तोंडं बघण्यासारखी होतात.

इथे नटीनं स्वतः हसायचं नसतं. 'बघा मी कसा विनोद करतेय' असं दाखवलं की विनोद मेलाच म्हणून समजा. ती मुलगी जीव तोडून नीट बोलायचा प्रयत्न करत असते. तिच्यासाठी तो विनोद नाही, ती तिची परीक्षा आहे. आपण हसतो ते तिची धडपड बघून, आणि हसता हसता आपला जीवही तिच्यासाठी थोडा कासावीस होतो. भक्ती बर्वेंची मंजुळा लोकांच्या लक्षात राहिली ती म्हणूनच. त्यांनी मंजुळेच्या बोलीची टिंगल केली नाही. त्यांनी मंजुळेला मान दिला.

हशा कसा पिकतो?

विनोदी काम सोपं, रडकं काम अवघड, असं पुष्कळांना वाटतं. रंगभूमीवरची मुरलेली माणसं मात्र नेमकं उलटं सांगतात. रडवायला एखादा करुण प्रसंग पुरतो. हसवायला मात्र क्षण अचूक पकडावा लागतो.

समजा, नटीनं एक वाक्य टाकलं आणि थिएटर हसायला लागलं. पुढचं वाक्य लगेच बोललं तर ते हशात बुडून जातं. हसू पूर्ण थांबेपर्यंत वाट पाहिली तर नाटक थंड पडतं. म्हणून हशा चढतो, टोकाला जातो, आणि उतरायला लागला रे लागला की पुढचं वाक्य! हा हिशेब पुस्तकात सापडत नाही. मुंबईचा प्रेक्षक वेगळा हसतो, सांगलीचा वेगळा. दुपारच्या प्रयोगाचा हशा वेगळा, रात्रीचा वेगळा. प्रत्येक वेळी कान टवकारून नव्यानं शिकायचं.

शिवाय आवाजही टिकवायचा असतो. आपल्या गळ्यात स्वरयंत्र असतं आणि त्यात स्वरतंतूंची इवलीशी जोडी. आपण बोलतो तेव्हा फुप्फुसातली हवा वर येते आणि हे तंतू थरथरतात. मोठ्या स्त्रीच्या आवाजात ते सेकंदाला साधारण २०० वेळा थरथरतात, पुरुषाच्या आवाजात साधारण शंभर-सव्वाशे वेळा. तुम्हा मुलांचे तर त्याहूनही भराभर, म्हणून तुमचा आवाज बारीक! नुसता गळा ताणून ओरडलं की हे तंतू सुजतात आणि आवाज बसतो. म्हणून नट पोटातून श्वास घेऊन बोलायला शिकतात. दौऱ्यावर आज एका गावी प्रयोग, रात्रभर बसचा प्रवास, उद्या दुसऱ्या गावी प्रयोग. आणि तिसरी घंटा झाली की शेवटच्या रांगेतल्या माणसालाही शब्द न् शब्द ऐकू गेला पाहिजे!

खबरदार!

१९८३ साली कुंदन शाह यांचा 'जाने भी दो यारों' हा हिंदी चित्रपट आला. पैसे अगदी बेताचे. सगळा चित्रपट सात लाखांच्या आत झाला असं सांगतात. विनोद आणि सुधीर नावाचे दोन भोळे फोटोग्राफर. नसीरुद्दीन शाह आणि रवी बासवानी यांनी ती कामं केली. त्यांच्या हाती चुकून एका खुनाचा पुरावा लागतो. मग बिल्डर, अधिकारी, लाच, पूल कोसळणं अशी सगळी भानगड उघडी पडते. शेवटी तर मृतदेह महाभारताच्या नाटकात जाऊन पोचतो आणि चक्क द्रौपदी होतो! तुम्ही पाहिला नसेल तर आई-बाबांबरोबर जरूर पाहा.

या चित्रपटात भक्ती बर्वे आहेत 'खबरदार' नावाच्या मासिकाच्या संपादिका शोभा सेन. सुरुवातीला वाटतं, वा! केवढी करारी, सत्याची चाड असलेली बाई! पुढे काय होतं ते मी सांगत नाही. एवढंच सांगतो की, आजूबाजूला सगळे धुमाकूळ घालत असताना या बाई चेहऱ्यावरची सुरकुतीही हलू देत नाहीत, आणि त्यामुळेच आपल्याला जास्त हसू येतं. बातम्या वाचतानाचा तो शांत, विश्वास वाटावा असा आवाज इथे त्यांनी नेमका उलट्या कामासाठी वापरला. गोड बोलणारा प्रत्येक माणूस खरं बोलत असतोच असं नाही, हा धडा हसत हसत!

आई, कस्तुरबा, बहिणाबाई

'भक्ती बर्वे म्हणजे फुलराणी' हे समीकरण इतकं पक्कं झालं की दुसरी एखादी नटी त्यातच अडकून पडली असती. त्या नाही पडल्या.

अशोक पाटोळे यांच्या 'आई रिटायर होतेय' या नाटकात त्या आई झाल्या. गोष्टीची कल्पनाच बघा. बाबा नोकरीतून निवृत्त होतात. मग आईनं का होऊ नये? तीही एक दिवस जाहीर करते, मी आता रिटायर! झालं, घराचं धाबं दणाणतं. चहा कोण करणार? डबा कोण भरणार? प्रेक्षक हसायचे, आणि घरी जाताना शेजारी बसलेल्या आईकडे जरा निराळ्या नजरेनं बघायचे. मुलांनो, रविवारी हा प्रश्न स्वतःलाही विचारून बघा!

१९९०च्या दशकात आलेल्या 'गांधी विरुद्ध गांधी' या नाटकात त्या कस्तुरबा होत्या. नवरा राष्ट्राचा बापू, पण पोटचा मुलगा हरिलाल दुखावलेला. दोघांच्या मध्ये उभी असलेली आई. इथे विनोद नाही, मोठा आवाज नाही. दूरदर्शनवर त्यांनी खानदेशातल्या कवयित्री बहिणाबाई चौधरी उभ्या केल्या, म्हणजे पुन्हा एक नवी बोली. १९९० साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

त्यांचे पती शफी इनामदार हेही मोठे अभिनेते. १९८४ साली सुरू झालेल्या 'ये जो है जिंदगी' या दूरदर्शनवरच्या विनोदी मालिकेनं ते घराघरात पोचले होते. १९९६ साली ते अचानक गेले. भक्तीताई मात्र काम करत राहिल्या. 'पु. ल., फुलराणी आणि मी' हा एकपात्री कार्यक्रम त्या करत. रंगमंचावर एकटीच बाई. नेपथ्य नको, सहकलाकार नकोत. सोबतीला फक्त आवाज आणि आठवणी.

वाईहून परतताना

१२ जून २००० रोजी पु. ल. देशपांडे गेले. महाराष्ट्र हळहळला. फुलराणीला घडवणारा माणूस गेला होता.

त्यानंतर आठच महिने झाले होते. भक्ती बर्वे सातारा जिल्ह्यातल्या वाईहून मुंबईला परत निघाल्या होत्या. वाई म्हणजे कृष्णेचे घाट, ढोल्या गणपती आणि मराठी विश्वकोशाचं गाव. १२ फेब्रुवारी २००१. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग तेव्हा नवा होता. त्या मार्गावर भाताण बोगद्याजवळ त्यांच्या गाडीला अपघात झाला आणि त्या गेल्या. वय अवघं ५२ वर्षं.

वाईच्या घाटावरून निघालेलं कृष्णेचं पाणी खाली वाहत वाहत सांगलीला पोचतं. म्हणजे ज्या नदीकाठी त्यांचा जन्म झाला, तिच्याच काठावरून त्यांचा शेवटचा प्रवास सुरू झाला. योगायोगच, दुसरं काय! पण मनाला चटका लावणारा.

आता आपल्याबद्दल

दोस्तांनो, आता एक नाजूक गोष्ट.

सातारा-सांगलीकडची मुलं पुण्या-मुंबईला गेली की कधी कधी गप्प होतात. का? तर "लई", "व्हय", "काय करायलाय?" असं तोंडातून निघालं की कुणीतरी फिदीफिदी हसतं. वर्गात उत्तर येत असूनही हात वर होत नाही. मामेभाऊ चिडवतो, मग सुट्टीत मामाकडे जावंसं वाटत नाही. हे दुखणं लहान नाही हं. बोलण्याला हसणं म्हणजे त्या माणसाच्या घराला, आजीला, गावालाच हसणं.

'ती फुलराणी'त हाच प्रश्न आहे. प्रोफेसरांना वाटतं, आपण मंजुळेला भाषा दिली म्हणजे माणूस केलं. पण माणूस तर ती आधीपासूनच होती की! नव्या उच्चारांनी तिला नवी दारं उघडली हे खरं. पण तिला मान द्यायचा तर तो उच्चारांची वाट न बघता द्यायला हवा होता.

आणि कुठली बोली हलकी म्हणता? सांगली जिल्ह्यातल्या माडगूळच्या व्यंकटेश माडगूळकरांनी माणदेशची बोली 'माणदेशी माणसं' या पुस्तकात आणली, तेव्हा मोठमोठ्या समीक्षकांनी माना डोलावल्या. वाटेगावच्या अण्णा भाऊ साठे यांनी 'फकिरा' लिहिली. कवलापूरच्या काळू-बाळूंच्या तमाशाला आपल्याच बोलीतल्या विनोदानं हजारो माणसं खदखदून हसत. मग आपण का लाजायचं?

म्हणजे प्रमाण मराठी शिकायची नाही का? शिकायची! जरूर शिकायची. परीक्षेत, अर्जात, भाषणात ती हवीच. पण घरची बोली फेकून देऊन नव्हे. भक्ती बर्वेंकडे दोन्ही होत्या. बातम्यांची भाषा होती म्हणून मंजुळेची पुसली गेली नाही. खिशात दोन किल्ल्या असल्या की दोन कुलपं उघडतात, एक फेकून कशाला द्यायची?

पालकांनाही एक विनंती. "मुलीच्या जातीनं एवढ्या मोठ्यानं हसू नये," असं घरात अजूनही ऐकू येतं. भक्ती बर्वे नुसत्या हसल्या नाहीत, त्यांनी भरलेली थिएटरं हसवली. तुमची लेक वर्गात नकला करत असेल, आजीसारखं बोलून दाखवत असेल, तर रागावण्याआधी जरा ऐका. कुणी सांगावं?

करून पाहा!

१. रोज पाच मिनिटं वर्तमानपत्र मोठ्यानं वाचा. वाचताना आई किंवा बाबा खोलीच्या दुसऱ्या टोकाला. त्यांना प्रत्येक शब्द ऐकू आला पाहिजे, पण तुम्ही ओरडायचं नाही.

२. "आज आमटीत मीठ नाही" हे एकच वाक्य पाच तऱ्हांनी म्हणा. रागानं, आनंदानं, घाबरून, गुपित सांगितल्यासारखं आणि बातम्या वाचल्यासारखं.

३. आजी-आजोबांच्या बोलण्यातले दहा शब्द वहीत लिहा, जे तुमच्या पाठ्यपुस्तकात नाहीत. त्यांचे अर्थ त्यांनाच विचारा.

४. एखादा विनोद मित्रांना सांगा. शेवटच्या शब्दाआधी क्षणभर थांबा. मग तोच विनोद दुसऱ्यांना न थांबता सांगा. कधी जास्त हसले?

५. आणि सगळ्यात महत्त्वाचं. संमेलनात फुलराणी करायची असेल तर कुणाची नक्कल करू नका. तुमच्या गावात फुलं, भाजी, चिंचा-बोरं विकणाऱ्या मावशी असतीलच. त्यांच्याजवळ जरा थांबा, दोन शब्द बोला, त्यांचं बोलणं मन लावून ऐका. चिडवायला नव्हे, शिकायला.

मग तिसरी घंटा होऊ द्या. पडदा वर जाऊ द्या. टोपली घेऊन विंगेतून बाहेर या आणि दणक्यात बोला. शेवटच्या रांगेत बसलेल्या आजीलाही ऐकू गेलं पाहिजे हं!